तालुका कोर्टातून विधानभवनात : वकिली आणि आमदारकी जमते का?

प्रश्न एका तरुण वकिलाचा आहे. आठ वर्षं तालुका कोर्टात प्रॅक्टिस, दिवाणी जास्त, थोडी फौजदारी, गावोगावचे लोक ओळखतात आणि आता म्हणतात की वकीलसाहेब पुढच्या विधानसभेला उभे राहा. त्यांना दोन गोष्टी विचारायच्यात, वकिलीचा आमदार म्हणून खरंच किती उपयोग होतो आणि त्यासाठी वकिली सोडावी लागते का. मी २८ वर्षं वकिली करतोय आणि त्यातली १० वर्षं, म्हणजे माझे सीनियर दोन टर्म आमदार होते तेव्हा, त्यांचं विधिमंडळाचं सगळं कागदी काम मीच बघायचो. तारांकित प्रश्न (ज्यांना मंत्री सभागृहात तोंडी उत्तर देतात), लक्षवेधी सूचना, विधेयकावरच्या सुधारणा, समितीच्या बैठकीच्या नोटा, सगळं. त्यामुळे उत्तर लांब होणार, कारण यात लोक जे सांगतात ते बहुतेक वेळा अर्धंच असतं.

आधी सोपा भाग. सनद, म्हणजे वकिलीचा परवाना, सोडावी लागत नाही. बार कौन्सिलच्या नियमांमधला ४९ नंबरचा नियम पूर्णवेळ पगारी नोकराला प्रॅक्टिस करू देत नाही, आणि आमदार-खासदारांना पगार मिळतो म्हणजे त्यांनाही बंदी घाला अशी याचिका सुप्रीम कोर्टात गेली होती. २५ सप्टेंबर २०१८ ला निकाल आला की लोकप्रतिनिधी हा त्या अर्थाने कुणाचा पूर्णवेळ नोकर नाही, म्हणून तो नियम त्याला लागत नाही. फक्त तुम्ही सरकारी वकील असाल, किंवा नगरपालिका, महामंडळ असल्या कुणाच्या पॅनलवर असाल, तर लाभाच्या पदाचा, म्हणजे सरकारकडून लाभ मिळणाऱ्या पदामुळे अपात्र ठरण्याचा, मुद्दा निघू शकतो, संविधानाचं कलम १९१ नीट वाचा. माझा सल्ला असा की राजीनामा द्या आणि तो मंजूर झाल्याचं पत्र हातात आल्यावरच फॉर्म भरा, नुसता दिलेला राजीनामा छाननीच्या दिवशी समोरचा वकील तुमच्याच तोंडावर फेकेल. मंत्री झालात तर कोर्टात उभं राहणं थांबवायचंच, त्यात दुसरा विचार नको.

पण सनद राहते आणि प्रॅक्टिस जाते, हे कुणी सांगत नाही. वर्षातून तीन अधिवेशनं, दोन मुंबईला आणि हिवाळी नागपूरला, कारण १९५३ च्या नागपूर कराराप्रमाणे एक अधिवेशन तिथे होतंच. शिवाय समित्यांचे दौरे, मंत्रालयातल्या चकरा, आणि मतदारसंघात रोज सकाळी दारात बसलेली माणसं. सीनियर पहिल्यांदा निवडून आले तेव्हा ऑफिसात ३०० च्या वर फाइली होत्या आणि आम्ही तीन जुनियर. वाटलं होतं, निभावू. त्यांच्या पहिल्या नागपूर अधिवेशनात एका म्हातारीचा वाटपाचा दावा पुराव्यावर लागलेला होता, तारीख डायरीत नोंदवायची माझ्याकडून राहिली, आणि दावा गैरहजेरीत काढून टाकला गेला. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर ९ रूल ९ खाली अर्ज देऊन आम्ही तो परत बोर्डावर आणला, त्यात सात महिने गेले. म्हातारी काही बोलली नाही. "साहेब मोठे झाले, त्यांना कुठं वेळ" एवढंच म्हणाली, आणि ते वाक्य सीनियरांनी मला नंतर कित्येकदा ऐकवलं, चिडून नाही, स्वतःलाच सांगितल्यासारखं. त्यानंतर त्यांनी एक नियम केला की ज्या केसमध्ये उलटतपास स्वतः घेता येणार नाही तिचं वकीलपत्र घ्यायचंच नाही, जुन्या पक्षकारांना समोर बसवून सांगायचं आणि हवं तर फी परत करून फाइल दुसऱ्या चांगल्या वकिलाकडे द्यायची. दोन वर्षांत ३०० च्या ६० फाइली झाल्या. घरखर्चाचं गणित तुम्ही यावरून मांडा, पहिल्या आनंदाच्या भरात मांडू नका.

आता मतांचं. लोक ओळखतात म्हणता ना, तर जरा थांबून विचार करा, प्रत्येक केसला दोन बाजू असतात. बांधाची केस, वहिवाटीच्या रस्त्याची मामलेदार कोर्टातली केस, भावाभावातलं वाटप, यातली एक पार्टी तुमची आणि दुसरी पार्टी तुम्ही उलटतपासात घाम फोडलेली, आणि गावात तो माणूस एकटा नसतो, त्याच्यामागे त्याची भावकी असते. आठ वर्षांत तुम्ही जेवढी माणसं जोडलीत तेवढीच दुखावलीसुद्धा आहेत आणि तुम्ही चांगले वकील असाल तर जरा जास्तच. सीनियरांनी पहिल्या निवडणुकीआधी दीड वर्ष एक काम केलं. ऑफिसातलं जुनं रजिस्टर काढलं, आणि आपल्या पक्षकारांची सोडून विरोधी पार्टीची नावं वेगळ्या वहीत गावनिहाय उतरवली. मग त्या घरी जायला लागले. केसचं काही बोलायचे नाहीत, केस चालू असली तर जायचेच नाहीत, पण निकाल लागून गेलेल्या घरी मयताला, लग्नाला, आजारपणात जायचे. मतं पडली किती ते मला सांगता येणार नाही, पण मतमोजणीच्या दिवशी दोन गावांत आम्हाला शून्याची भीती होती तिथे लीड होतं.

अजून एक अडचण आहे, ती फक्त वकिलालाच येते. बार कौन्सिलचा नियम ३६ सांगतो की वकिलाने स्वतःची जाहिरात करायची नाही, काम मागत फिरायचं नाही. आपल्या अंगात ते इतकं मुरलेलं असतं की दारात जाऊन "मला मत द्या" म्हणताना जीभ अडखळते. सीनियर पहिल्या प्रचारात हात जोडून उभे राहायचे आणि बोलायचेच नाहीत, शेजारचा कार्यकर्ता बोलायचा. ते शिकावं लागतं, आणि दुसऱ्या बाजूने जपावंही लागतं, म्हणजे फ्लेक्सवर नावाआधी ॲड. लावलंत तर चालतं, लोक लावतात, पण त्याच फ्लेक्सवर ऑफिसचा पत्ता आणि "सर्व प्रकारच्या केसेस" छापलंत तर ती जाहिरातच झाली आणि तुमच्याविरुद्ध तक्रार करायला कुणीतरी टपलेलाच असतो.

महाराष्ट्रात २८८ मतदारसंघ आणि २०२४ ला मतदार साडेनऊ कोटींच्या वर, म्हणजे एका आमदारामागे सरासरी सव्वातीन लाखांहून जास्त मतदार. गोव्यात ४० जागा आणि एका मतदारसंघात ३० हजारांच्या आसपास, तिथे वकील प्रत्येक घर चालून काढू शकतो. इथे नाही जमत. इथे माणसांची साखळी लागते, ती कोर्टात तयार होत नाही, सोसायटी, ग्रामपंचायत, बाजार समिती, नगरपालिका, जिल्हा परिषद यातून तयार होते. विलासराव देशमुख कायदा शिकलेले, पण त्यांची सुरुवात बाभळगावच्या ग्रामपंचायतीतून झाली, मग जिल्हा परिषद, मग १९८० ला विधानसभा. तुम्ही एकदम आमदारकीचं तिकीट मागू नका, आधी एक छोटी निवडणूक लढा, हरलात तरी चालेल, बूथ म्हणजे काय ते कळतं.

आणि ज्यांचा आदर्श ठेवायचा त्यांच्याबद्दल नीट वाचा. गणपतराव देशमुख, सांगोला. वकील माणूस, शेतकरी कामगार पक्ष. १९६२ ला पहिल्यांदा निवडून आले आणि २०१४ ला अकराव्यांदा. मध्ये १९७२ ला पडले, ७४ च्या पोटनिवडणुकीत परत आले, १९९५ ला अवघ्या १९२ मतांनी पडले आणि ९९ ला परत आले. २०२१ च्या जुलैमध्ये गेले. लोक त्यांच्या एसटीच्या प्रवासाच्या गोष्टी सांगतात, त्या खऱ्याच आहेत, पण वकील म्हणून मला त्यातलं दुसरंच महत्त्वाचं वाटतं. सांगोला हा कायम दुष्काळी तालुका आणि त्यांनी पाण्याचा विषय एकदा धरला तो पन्नास वर्षं सोडला नाही. प्रत्येक अधिवेशनात तोच विषय, आधीचं उत्तर, आधीचं आश्वासन, त्याचं पुढे काय झालं. जुना दिवाणी वकील एकच दावा खालच्या कोर्टातून अपिलात, अपिलातून सेकंड अपिलात घेऊन जातो ना, अगदी तसं. मंत्री फक्त दोनदा झाले, १९७८ ला आणि १९९९ ला, बाकी सगळी वर्षं विरोधी बाकावर. सत्ता नसताना आमदार काय करू शकतो याचं याच्याइतकं मोठं उदाहरण आपल्याकडे मला दुसरं दिसत नाही, आणि तुम्ही कुठल्याही पक्षात जा, निम्मं आयुष्य विरोधी बाकावर जाणार हे धरूनच चला.

आता सभागृहाकडे येतो, कारण खरा प्रश्न तोच आहे, वकिलीचा उपयोग किती. पहिल्या अधिवेशनात सीनियर उभे राहिले ते कोर्टात उभे राहिल्यासारखे. आधी वस्तुस्थिती, मग पार्श्वभूमी, मग कायद्याची तरतूद, मग त्यावरचा निकाल. मुद्द्यावर यायच्या आत घंटा वाजली, अध्यक्षांनी पुढचं नाव पुकारलं. सभागृह म्हणजे कोर्ट नाही, तिथे तुमचं ऐकून घ्यायला कुणी बांधलेलं नाही, मागे शंभर माणसं आपापसात बोलत असतात आणि तुमच्या वाट्याला तीन मिनिटं येतात. त्या तीन मिनिटांत पहिलंच वाक्य मागणीचं हवं. कोर्टात प्रार्थना दाव्याच्या शेवटी लिहितो, इथे ती पहिल्या ओळीत लिहायची, हे शिकायला त्यांना दोन अधिवेशनं लागली.

पण प्रश्नोत्तराच्या तासात वकील माणूस खरा चमकतो. तारांकित प्रश्नाचा साचा ठरलेला असतो, "हे खरे आहे काय", "असल्यास कोणती कार्यवाही केली", "नसल्यास विलंबाची कारणे काय आहेत". आणि खात्याकडून येणारी उत्तरंही ठरलेली, "हे अंशतः खरे आहे" आणि शेवटी "प्रश्न उद्भवत नाही". नवा आमदार त्या छापील उत्तरावर भाषण ठोकतो, मंत्री ऐकून घेतात आणि "तपासून घेऊ" म्हणतात, संपलं. उलटतपास घेणाऱ्याला माहीत असतं की ज्या प्रश्नाचं उत्तर आपल्या खिशात नाही तो साक्षीदाराला विचारायचा नाही. आम्ही प्रश्न द्यायच्या आधी दोन-तीन महिने त्या विषयावर माहिती अधिकारात अर्ज करून कागद काढून ठेवायचो, मोजमाप पुस्तिका, बिलं, कार्यारंभ आदेश. मग "अंशतः खरे आहे" आलं की सीनियर एकच उपप्रश्न विचारायचे, कोणता अंश खरा आहे? आणि हातात तारीख-रकमेसकट कागद. एका पाणीपुरवठा योजनेत पाइपलाइन पूर्ण दाखवून पैसे उचलले होते आणि जागेवर खड्डासुद्धा नव्हता, त्या एका उपप्रश्नावर चौकशी लागली. भाषण केलं असतं तर नसती लागली, असं मला आजही ठाम वाटतं. मंत्र्यांनी सभागृहात "चौकशी करू" म्हटलं की ते आश्वासन म्हणून नोंदलं जातं आणि आश्वासन समिती त्याचा पाठपुरावा करू शकते. बहुतेक आमदार इथेच सोडून देतात. तुम्ही वकील आहात, हुकूम झाल्यावर दरखास्त, म्हणजे त्याच्या अंमलबजावणीचा अर्ज, लावायची असते हे तुम्हाला कुणी शिकवायला नको.

विधेयकांचं सांगतो, हा माझा सगळ्यात जिव्हाळ्याचा विषय. विधेयक मांडलं जातं तेव्हा त्यातल्या कलमाला खंड म्हणतात आणि खंडशः विचार नावाचा टप्पा असतो, जिथे प्रत्येक खंडावर सुधारणा मांडता येते. अधिवेशनाच्या शेवटच्या दिवसांत हा टप्पा इतक्या वेगाने जातो की "खंड २ ते १५ विधेयकाचा भाग म्हणून राहावेत" एवढं म्हणेपर्यंत मतदान झालेलं असतं. तिथे आधी सुधारणा देऊन, कागद हातात घेऊन जागा असलेला एक माणूस लागतो, आणि तो बहुतेक वेळा वकीलच असतो. काय बघायचं? क्रियापद बघायचं. मराठी मसुद्यात "करील" लिहिलं असेल तर अधिकाऱ्यावर बंधन आहे, "करता येईल" किंवा "करू शकेल" लिहिलं असेल तर त्याची मर्जी. शेतकऱ्याला भरपाई "देण्यात येईल" आणि "देता येईल" यात एका वेलांटी-मात्रेइतका फरक दिसतो, पण पुढची वीस वर्षं हायकोर्टात त्याच फरकावर भांडावं लागतं. मग "विहित करण्यात येईल अशा रीतीने" हे शब्द शोधायचे, कारण जिथे ते आहेत तिथे खरा कायदा नियमांत आहे आणि नियम सभागृहात नाही, खात्यात लिहिले जाणार. त्या नियमांवर नजर ठेवायला उपविधान समिती आहे, तिच्यावर जायला कुणी उत्सुक नसतं, तुम्ही मागून घ्या. आणि मराठी पाठ इंग्रजीशी ताडून बघा, संविधानाच्या कलम ३४८ प्रमाणे इंग्रजी पाठ अधिकृत धरतात, आम्हाला दोन वेळा मराठीत एक आणि इंग्रजीत वेगळंच सापडलं होतं, दोन्ही वेळा खात्याने मुकाट्याने दुरुस्त केलं.

कायदा आणि जीआर, म्हणजे सरकारने काढलेला शासन निर्णय, यातला फरक ज्या आमदाराला हाडात कळलाय तो वेगळा आमदार असतो. वि. स. पागे यांचं नाव तुम्ही ऐकलं असेल, कायदा शिकलेले, १९६० ते १९७८ विधान परिषदेचे सभापती. रोजगार हमीची कल्पना त्यांची, तासगाव तालुक्यातल्या विसापूरला १९६९ मध्ये प्रयोग झाला, ७२ च्या दुष्काळात राज्यभर कामं निघाली. पण ते सगळं योजना म्हणून चालू होतं, आणि योजना एका जीआरने येते तशी दुसऱ्या जीआरने जाते. १९७७ ला त्याचा अधिनियम झाला आणि २६ जानेवारी १९७९ पासून तो लागू झाला. काम मागितल्यावर १५ दिवसांत काम, नाही दिलं तर भत्ता. म्हणजे मजुराला पहिल्यांदा "मागणं" सोडून "हक्क" हा शब्द वापरता आला. देशाचा २००५ चा रोजगार हमी कायदा याच वाटेने पुढे आला. तुमच्या मतदारसंघात एखादी चांगली योजना जीआरवर चालू असेल तर तिला कायद्याचा आधार कसा मिळेल हा विचार फक्त तुम्हीच करू शकाल, तो विचार तुमच्याकडून कुणी मागणार नाही आणि त्याची मतंही मिळणार नाहीत, तरीही करा.

आणि हरलेल्या विधेयकांबद्दल. अशासकीय विधेयक, म्हणजे मंत्री नसलेल्या आमदाराने मांडलेलं, ते पास होणं फार फार दुर्मिळ. मग मांडायचं कशाला, असं माझ्याच एका जुनियरने विचारलं होतं. त्याला मी बाबासाहेबांचं उदाहरण दिलं. बॅरिस्टर आंबेडकर हायकोर्टात वकिली करत असताना १९२७ ला मुंबई कायदेमंडळात नियुक्त झाले, १९३७ ला स्वतंत्र मजूर पक्षातर्फे निवडून आले. १७ सप्टेंबर १९३७ ला त्यांनी खोती, म्हणजे कोकणातली खोतांची जमीनदारी, रद्द करायचं विधेयक मांडलं. ते पास झालं नाही. पण जानेवारी ३८ मध्ये कोकणातले हजारो शेतकरी मुंबईत कौन्सिल हॉलवर मोर्चा घेऊन आले, तिकडे अलिबागजवळ चरीला नारायण नागू पाटलांच्या पुढाकाराने कुळांचा संप १९३३ पासून चालूच होता, आणि शेवटी १९४९ ला खोती नष्ट करणारा कायदा झाला. मागणीला मसुद्याचं रूप आलं की ती मागणी वाऱ्यावर राहत नाही, पुढच्या माणसाला सुरुवात करायला कागद मिळतो. आणि पोटापाण्याचं म्हणाल तर बाबासाहेबांनासुद्धा निव्वळ वकिलीवर भागत नव्हतं, त्यांनी लॉ कॉलेजमध्ये शिकवलं, १९३५ ला मुंबईच्या सरकारी लॉ कॉलेजचे प्राचार्य झाले. तुम्हीही उत्पन्नाची दुसरी सरळ वाट आधीच तयार ठेवा. ज्यांनी ठेवली नाही ती माणसं पुढे कुणाकुणाची देणेकरी होतात ते मी जवळून बघितलंय.

एक गोष्ट मनाला बोचते ती व्हिप, म्हणजे मतदानाबद्दलचा पक्षाचा आदेश. संविधानातल्या १९८५ च्या दहाव्या अनुसूचीनंतर, म्हणजे पक्षांतरबंदी कायद्यानंतर, पक्षाच्या आदेशाविरुद्ध मतदान केलं तर सदस्यत्व जाऊ शकतं. म्हणजे तुम्हाला वकील म्हणून मनोमन पटलंय की अमुक खंड घटनेच्या विरोधात आहे, तरी हात वर करावा लागतो. त्यावर सीनियरांचा मार्ग असा होता की विधेयक सभागृहात यायच्या आधी पक्षाच्या बैठकीत लेखी टिपण द्यायचं, आणि जमलं तर विधेयक संयुक्त समितीकडे जाईल असा प्रयत्न करायचा, कारण समितीत माणसं पक्ष जरा बाजूला ठेवून वाचतात. प्रत्येक वेळी जमलं नाही. एकदा त्यांनी मत दिलं आणि रात्री आमदार निवासात मला म्हणाले की हेच कलम मी वकील म्हणून हायकोर्टात आव्हान दिलं असतं. त्या रात्री ते जेवले नाहीत.

पक्षकाराचं हित आणि सभागृह यांची गल्लत होऊ देऊ नका. ज्या प्रकरणात तुमचं किंवा तुमच्या ऑफिसचं वकीलपत्र आहे तो विषय सभागृहात काढायचा नाही, न्यायप्रविष्ट म्हणून तो बहुधा घेतलाही जाणार नाही, पण नियम नसता तरी काढायचा नाही. सभागृहातल्या भाषणाला कलम १९४ चं संरक्षण आहे, खटला होत नाही, म्हणून त्याचा वापर पक्षकाराच्या शत्रूवर चिखलफेक करायला केला तर ते वकिलीलाही काळिमा आणि आमदारकीलाही. आणि पैसे घेऊन प्रश्न किंवा मत, त्याला हे संरक्षण नाही, ४ मार्च २०२४ ला सुप्रीम कोर्टाने सीता सोरेन प्रकरणात ते स्पष्ट केलंय. तसंच तुमच्या लेटरहेडवरचं शिफारसपत्र तहसीलदाराकडे चाललेल्या सुनावणीत तुमचाच पक्षकार लावू शकतो, आमच्याकडे एकदा झालं, सीनियरांनी स्वतः तहसीलदारांना लेखी कळवून ते पत्र मागे घेतलं आणि तो पक्षकार कायमचा तुटला.

उभं राहायचं ठरलंच तर फॉर्म स्वतः तपासा, वकील असूनही लोक चुकतात. नमुना २६ च्या शपथपत्रात एकही रकाना रिकामा नको, लागू नसेल तिथे "निरंक" किंवा "लागू नाही", रिकाम्या रकान्यावर फॉर्म उडू शकतो. मान्यताप्राप्त पक्षाचे उमेदवार असाल तर सूचक एक, अपक्षाला १०. अनामत १० हजार, अनुसूचित जाती-जमातीच्या उमेदवाराला ५ हजार. खर्चाची मर्यादा ४० लाख आणि हिशेब निकालापासून ३० दिवसांत, तो नाही दिला तर तीन वर्षं अपात्रता येऊ शकते, हरलेल्यांनासुद्धा, आणि हरलेला माणूस नेमका तेच विसरतो. निवडणूक याचिकेची मुदत ४५ दिवस, हायकोर्टात, उशीर माफ होत नाही.

सीनियर तिसऱ्या वेळी हरले. निकालानंतर अकराव्या दिवशी ते कोर्टात आले, बाररूममध्ये त्यांच्या जुन्या खुर्चीवर कुणीतरी बसलं होतं तो उठायला लागला तर त्यांनी खांद्यावर हात ठेवून बसवलं. ऑफिसात तेव्हा ४० फाइली उरलेल्या. पहिल्या वर्षी कामच नव्हतं, लोकांना वाटायचं माजी आमदार आहेत, फी परवडणार नाही, किंवा आता कोर्टात त्यांचं लक्ष लागणार नाही. हळूहळू जमीन महसूल आणि भूसंपादनाच्या केसेस यायला लागल्या, कारण त्या कायद्यातल्या दुरुस्त्या कुठल्या चर्चेतून आल्या ते त्यांना तोंडपाठ होतं, आणि ते ज्ञान जिल्ह्यात दुसऱ्या कुणाकडे नव्हतं. आज ते ७४ वर्षांचे आहेत, आठवड्यातून तीन दिवस येतात. ती वाटपाच्या दाव्यातली म्हातारी गेली, तिचा दावा तिच्या हयातीत डिक्री झाला होता, हिश्शाचा ताबा मिळाला तेव्हा सीनियर आमदार होते आणि अधिवेशन चालू असूनही त्या दिवशी मोजणीला शेतात उभे होते.

म्हणून तुम्ही आत्ता काय करायचं ते सांगतो. डिसेंबरात नागपूरला जा, तुमच्या आमदाराकडून प्रेक्षक गॅलरीचा पास घ्या, आणि गर्दीच्या दिवशी जाऊ नका, शुक्रवारी दुपारी अशासकीय कामकाज असतं तेव्हा बसा. त्या आधी चालू अधिवेशनातलं एक विधेयक डाउनलोड करून ठेवा, छोटंसं, दुरुस्ती विधेयक असलं तरी चालेल, मूळ कायदा शेजारी ठेवून खंडाखंडाने वाचा आणि तुमच्या मते काय चुकलंय ते एका पानावर लिहा. लिहून झालं की माझ्याकडे पाठवा, मी सीनियरांना दाखवतो, ते अजूनही लाल पेनाने तपासतात.